कासवाच्या पाठीचं मैदान

पाऊस उघडल्यावर मैदानाला एक वास येतो. तुडवलेल्या गवताचा, गार मुरमाचा, भिजलेल्या चामडी चेंडूचा. बागेतल्या मोगऱ्याला साधत नाही ते या वासाला साधतं! माझ्यासारख्या पन्नाशीच्या, हिशेबी माणसालाही उगाच धावावंसं वाटतं.

बागा आणि मैदानं आखण्यात माझी हयात गेली. घुग्घुसच्या बागेत कोळशाच्या धुळीने पानं काळवंडलेली असत. तरी खाणीतली पाळी संपवून आलेला कामगार मोटरसायकल लावून हिरवळीवर आडवा झाला, की मला ती बाग राजोद्यानाहून देखणी वाटे. इमारतीकडे लोक मान वर करून पाहतात. मैदानाकडे कोण पाहतं? लोक पाहतात तो खेळ, आणि मैदान बिचारं त्याखाली निमूट पडून असतं.

एकदा मात्र लोकांनी मैदानच पाहिलं. गडचिरोली नुकताच वेगळा जिल्हा झाला होता आणि मुलचेऱ्याजवळच्या एका गावात मला फुटबॉलचं मैदान करायचं होतं. गाव निर्वासित बंगाली कुटुंबांचं. धानाची रोवणी आटोपली, की श्रावणात तिथे सामने होत. बक्षीस एक धष्टपुष्ट बोकड. पण दरवर्षी अंतिम सामन्याला मैदानाचं तळं होई आणि बोकडाचा निकाल चिठ्ठी टाकून लागे. गावाचा कप्तान निमाई तिशी ओलांडलेला शेतकरी होता. तो म्हणाला, ‘‘साहेब, चिठ्ठीनं जितलो बी, चिठ्ठीनं हारलो बी. पन फायनल कधी खेलूनच नाई पाह्यली. पाय थकाच्या आधी एकडाव खेलू द्या.’’

मी मैदानाला मधोमध उंची दिली. दोन्ही बाजूंना शंभर फुटांत एक फूट उतार, कडेने चर. कासवाच्या पाठीसारखा तो बाक डोळ्यांना जेमतेम दिसावा, पण पाण्याला अचूक कळावा, असा माझा हिशेब. गावाला तो चांगलाच दिसला. ‘‘मैदानाले पोट काऊन काढलं जी?’’ मुकादम बुधाजीभाऊंनी विचारलं. ‘‘चेंडू आपोआपच नालीत जाईन,’’ निमाई म्हणाला, ‘‘मंग आमी कायले धावाचं?’’ घरीही तीच तऱ्हा. ‘‘आपल्या न्हाणीतलं पाणी अजून सैपाकघरात येते,’’ आमच्या सौभाग्यवती म्हणाल्या, ‘‘अन् हे चालले गावाचं पाणी काढाले!’’ न्हाणी माझ्या वडिलांनी बांधलेली होती. पण तो खुलासा मी गिळला.

अंतिम सामन्याच्या दुपारी आभाळ फाटलं. अहेरीचा संघ ट्रकमध्ये ताडपत्रीखाली दाटीने बसून राहिला. पाऊस थांबला तेव्हा सारं मैदान चकाकत होतं. निमाई बूट हातात घेऊन उभा होता. पंचांनी चिठ्ठीसाठी कागद मागवला. ‘‘थोडं थांबा,’’ मी म्हणालो खरा, पण आवाजात जोर नव्हता. कागदावरचं गणित मातीनेही मानावं, असा कुठे नियम आहे?

आणि मध्यभागी गवताची टोकं वर आली! मग पत्रावळीएवढी हिरवी जागा, मग अंगणाएवढी. ‘‘चाल्लं! पानी चाल्लं!’’ बुधाजीभाऊ ओरडले, तसा सगळा गाव चरांकडे धावला. बायका पदर खोचून, म्हातारे छत्र्या उगारून, गुरं हाकावीत तसे पाण्याला हाकू लागले. चर खळाळले आणि टाळ्या पडल्या. एका उताराला टाळ्या! तेवढं भाग्य माझ्या दुसऱ्या कुठल्याही कामाला लाभलं नाही.

सामना झाला. शेवटच्या शिट्टीपर्यंत झाला. आणि निमाईचा संघ एका गोलने हरला.

अहेरीकर बोकडाला ट्रकमध्ये चढवत होते. बोकड पाय रोवून अडला होता आणि त्याला खालून ढकलणाऱ्यांत निमाईही होता, केसांपासून पोटऱ्यांपर्यंत चिखलात माखलेला. सांत्वनाचे शब्द जुळवत मी जवळ गेलो, तेवढ्यात तो वळून हसला. ‘‘साहेब, आज पान्यानं नाई हरवलं. मानसानं हरवलं!’’

विजय देवाकडेही मागता येतो. मन भरून हरायला मात्र पायाखाली घट्ट जमीन लागते. ती आपण करून दिली, या विचाराने मला इतकं हलकं वाटलं की मीही बाह्या सरसावल्या आणि बोकडाला खांदा लावला.