भुयारातल्या घड्याळाचा वैजीनाथ

वैजीनाथबद्दल लिहायला बसलो की मला माझीच लाज वाटते. तरी लिहितो. दुसरं कुणी लिहिणार नाही, आणि खरं काय ते आम्हा दोघांनाच माहीत आहे.

पेडगावच्या शिवारात, स्टेशनापासून चालत वीस मिनिटांवर आमचं काल-विसंगती संशोधन केंद्र आहे. गाव त्याला घड्याळाचं ऑफिस म्हणतं. एखाद्या जागी काळ किंचित अडखळतो का, हे शोधणं आमचं काम. आमचं म्हणजे शास्त्रज्ञांचं. मी, महारुद्र, तिथला लिपिक. रजिस्टरं आणि पत्रं सांभाळणारा. वर दोन खोल्या, आणि वीस पायऱ्या उतरून खाली एक भुयार. त्यात लंबकाचं मोठं घड्याळ. घड्याळाला कसलाच त्रास नको म्हणून तिथे वीज नाही, कॅमेरा नाही. रोज खाली उतरणारा माणूस एकच, वैजीनाथ. सकाळी बरोबर सातला खालचं घड्याळ किती वाजलेत म्हणतं, ते तो वहीत लिहायचा. त्याला हुकूम एकच होता: दिसेल ते लिही आणि काट्यांना हात लावू नको.

वैजीनाथ माझ्यापेक्षा पाच वर्षांनी मोठा. तरी मी त्याला अरेतुरे करायचो आणि तो मला साहेब म्हणायचा. दोन एकर कोरडवाहू रान. वीस वर्षं तो आणि त्याची बायको पारूबाई हिवाळा आला की ऊस तोडायला जायची, लेकरू पाठीशी बांधून. केंद्रात नोकरी लागली आणि ते थांबलं. मुलगी शिवकन्या सलग तीन वर्षं एकाच शाळेत बसली. "साहेब, पोरीचा येक दिस बुडला न्हाई औंदा," हे तो मला महिन्यातून दोनदा तरी ऐकवायचा. मी मान न उचलता हूं म्हणायचो.

तर ते घड्याळ दर अमावस्येला मागे पडू लागलं. बावीस-तेवीस मिनिटं, कधी चोवीस. एरवी महिनाभर एका सेकंदाचाही फरक नाही. सेलूहून पॅसेंजरने येणाऱ्या राजेश्री मॅडम दर सोमवारी खाली उतरून काटे जुळवायच्या. त्यांच्या हे लक्षात आलं आणि त्यांची झोप उडाली. चंद्र आणि काळ यांचा काही संबंध आहे की काय! चौदा महिने त्यांनी आकडे मांडले. पीएचडीचा सगळा डोलारा त्यावरच उभा केला. त्यांनी वैजीनाथला विचारलंही होतं, "अमावस्येला खाली काही वेगळं करता का?" तो म्हणाला, "न्हाई ताई." तो खोटं बोलला नव्हता. त्याच्या लेखी त्यात वेगळं काही नव्हतंच.

मला कळलं ते अगदी सहज. वहीची पानं संपली होती म्हणून नवी वही द्यायला मी एका सकाळी सातच्या आधी खाली उतरलो. उदबत्तीचा वास आला. घड्याळासमोर नारळ फोडलेला, काचेला हळदीकुंकू, आणि वैजीनाथ एका हाताने लंबक धरून उभा.

"हे काय करायलास रे?"

"आज अमावस्या हाय साहेब. बैलाला आज औत न्हाई, कुणीच जुपत न्हाई. हे बिचारं रात-दिस पळायलंय. उदबत्ती सरंस्तोर टेकू द्यावं म्हणलं. काट्याला हात न्हाई लावला, शपथ!"

उदबत्ती सरली. त्याने लंबकाला हलकेच ढकललं, फडक्याने काच पुसली आणि मनगटावरच्या घड्याळात सात वाजताच समोर दिसली ती वेळ वहीत लिहिली. सहा वाजून सदतीस.

मला त्याच क्षणी सगळं उमगलं. वर जाऊन एक वाक्य बोललो असतो तर मॅडमची पुढची वर्षं वाचली असती आणि वैजीनाथलाही फार तर दोन शब्द ऐकावे लागले असते. मी म्हणालो, "बरं, चालू दे." का म्हणालो? मॅडम माझ्या पत्रांवर लाल पेनने रेघा मारायच्या, ते मला झोंबायचं. होऊ दे फजिती, असं वाटलं. हे लिहितानाही कान तापतात. पुढे भीती वाटू लागली, की इतके दिवस गप्प का होतास म्हणून विचारतील. अशा आणखी सहा अमावस्या मी गेल्या तशा जाऊ दिल्या.

सातव्या अमावस्येला बाहेरून चार मोठे पाहुणे आले. मॅडम फळ्यावर आकृती काढून सांगत होत्या. गावातली चारदोन माणसंही बसली होती, म्हणून त्यांनी सोप्या मराठीत सांगितलं: "अमावस्येला इथला काळ थांबतो." चहाचा ट्रे घेऊन वैजीनाथ दारात उभा होता. त्याला तेव्हा पहिल्यांदा कळलं, आपण लिहीत होतो त्याचं हे लोक काय करत होते. त्याने ट्रे खाली ठेवला.

"ताई, काळ न्हाई थांबत. घड्याळ म्या थांबिवतो."

पाहुण्यांतला एकजण हसला. मॅडमच्या हातातला खडू तसाच राहिला. संचालक शिवप्रसाद सर ओरडले, "कुणाला सांगितलं होतंस का हे? कुणाला माहीत होतं?"

वैजीनाथने माझ्याकडे पाहिलं. एकदाच. मी पाहुण्यांच्या यादीत डोकं घातलं.

"कुणालाच न्हाई साहेब. माझीच चूक."

त्याला काढल्याचं पत्र मीच टाईप केलं. 'कोणालाही न कळवता' हे शब्दही माझ्याच बोटांनी उमटले. सही करायला तो आला तेव्हा पारूबाई बाहेर लिंबाखाली उभी होती, शेजारी दप्तर न घेतलेली शिवकन्या. ऊसतोडीच्या मुकादमाचा ट्रॅक्टर दुसऱ्या दिवशी निघणार होता. सही करून वैजीनाथ दबक्या आवाजात म्हणाला, "पोरीला संगं न्यावं लागंल. घरी कुणी न्हाई."

तेवढ्यात राजेश्री मॅडम आत आल्या. चूक आपली, आपण नीट तपासलं नाही, असं त्यांनी स्वतः सगळ्यांना लिहून कळवलं होतं. चेहरा उतरला होता, पण नजर सरळ होती. त्यांनी मला विचारलं, "महारुद्र, नव्या वहीची सुरुवात अमावस्येच्या पानाने झालीय. ती तुम्हीच दिली असणार. त्या दिवशी खाली गेला होतात का? तुम्हाला माहीत होतं?"

होय म्हणायला एक श्वास पुरला असता. तेवढ्या वेळात वैजीनाथच बोलला.

"साहेबाला काय म्हाईत, ताई. वही म्या वर येऊन नेली. ते भुयारात कवाच उतरले न्हाईत."

तीन वर्षांत वैजीनाथच्या तोंडून मी ऐकलेलं हे पहिलं खोटं. मॅडमनी माझ्याकडे पाहिलं, आणि मी मान डोलावली.