सुकलू मिस्त्रीची सम

वडशाच्या एखाद्या राइस मिलमध्ये मशीन रुसली, की मालक आधी देवाला हात जोडतो आणि मग सुकलू मिस्त्रीला फोन लावतो. देवाचं काही सांगता येत नाही. सुकलू मात्र हमखास येतो, पण उशिरा. वाटेत कुठे गाणं लागलेलं असलं, की ते संपेपर्यंत त्याची सायकल जागची हलत नाही. स्वतःच्या लग्नात हा नवरदेव बँडवाल्यांजवळच रेंगाळला आणि मंडपात लोक तांदूळ मुठीत धरून ताटकळले.

असा हा गुणी माणूस अठ्ठावन्न वर्षांचा झाला, तरी मिस्त्री मंडळाच्या लेखी अर्धाच मिस्त्री होता. कारण त्याला इंजिनाची सम साधली नव्हती.

वडशाच्या मिस्त्र्यांची ही रीत. दिवाळी सरून नवं धान मिलवर आलं, की एका सकाळी सगळे मंडळाच्या आवारात जमतात. तिथे एक म्हातारं डिझेल इंजिन आहे. नारळ फोडून ते सुरू करायचं, शेजारी चुलीवर नव्या तांदळाची हंडी चढवायची, आणि झाडीपट्टीच्या नाटकांत तबला वाजवणाऱ्या इसरूभाऊनं इंजिनाच्या ठोक्यावर ठेका धरायचा. भात शिजेपर्यंत मिस्त्रीनं इंजिन लयीत ठेवायचं. भात शिजला की इसरूभाऊ ठरलेला शेवटचा तुकडा वाजवतो. त्याची अखेरची थाप आणि इंजिनाचा अखेरचा ठोका एकाच क्षणी पडले पाहिजेत. डिझेल तोडलं तरी ते जड चाक वीसेक फेरे घेतंच, म्हणून तुकडा ऐन रंगात असतानाच ते तोडावं लागतं. हे ज्याला साधलं तो पुरा मिस्त्री, आणि नव्या मशिनीला पहिलं कुंकू लावायचा मान त्याचा.

ज्यांची सम राहिली आहे त्यांना वर्षाला एक पाळी, अशा बारा पाळ्या, पुढे नाही. सुकलूच्या अकरा झाल्या होत्या. अकराही वेळा थाप पडून गेल्यावर इंजिनानं आणखी एक ठोका दिला आणि लोक पोट धरून हसले. सुकलूही हसायचा. पण मशीन आपण बसवायची आणि कुंकवाच्या वेळी बाजूला सरकून उभं राहायचं, हे त्याच्या फार जिव्हारी लागे.

यंदा शेवटची पाळी. सुकलूला जेवण जाईना, तेव्हा त्याच्या बायकोनं, शकुबाईनं, प्रकरण हाती घेतलं. ती कपडे शिवते. तिनं आपल्या शिलाई मशीनची सुई काढली, नवऱ्याला पायट्यावर पाय ठेवून बसवलं आणि म्हणाली,

"मी गाणं म्हणतो. गाणं संपलं का चाक थांबलं पायजे."

तीन दिवस तिनं धान रोवण्याची गाणी म्हटली, तीन दिवस चाक एक फेरा उशिरा थांबलं. चौथ्या दिवशी ती गाता गाता त्याच्या तोंडाकडे बघत राहिली.

"अवो, तुमचा अंदाज चुकत नाई. शेवटची ओळ आली का तुमी डोळे मिटता अन् पाय तसाच चालू ठेवता. काऊन?"

सुकलू ओशाळला. "मले गाणं तोडावं वाटत नाई."

"गाणं कुठी तोडून राह्यले तुमी? ते माह्या गळ्यात हाय. तुमाले फक्त पाय काढाचा हाय."

इतकी साधी गोष्ट त्याला आजवर कुणी सांगितली नव्हती. त्या संध्याकाळी तो दोनदा भात घेऊन जेवला.

रीतीच्या दिवशी हंडी सांभाळणाऱ्या दुर्गाबाईनं झाकण काढून शीत चेपलं आणि "शिजला" म्हणाली. इसरूभाऊचा तुकडा सुरू झाला. म्हाताऱ्याची बोटं त्या दिवशी अशी काही चालली, की सुकलूचे डोळे मिटायलाच आले. पण त्यानं ते ताणून उघडे ठेवले, मनाला बजावलं की गाणं इसरूभाऊच्या हातात आहे, आणि ऐन रंगात डिझेल तोडलं. चाक मंदावत गेलं, ठोके विरळ होत गेले, थाप पडली.

रीतीप्रमाणे मिस्त्री डिझेलच्या कॉकवरचा हात काढेपर्यंत कुणी बोलत नाही. सुकलू हात तसाच ठेवून, मान खाली घालून उभा. अकरा वर्षं येणारा तो जास्तीचा ठोका आता येईल, मग येईल. हंडीतून वाफ निघत होती. कुणी हसत कसं नाही, याचंच त्याला नवल वाटत होतं.

शेवटी शकुबाईलाच रीत मोडावी लागली. "अवो, आता कायची वाट पाहून राह्यले? थांबलं ना ते."

सुकलूनं चाकाला हात लावून पाहिला. मग तो तिथेच मातीत बसला आणि लहान पोरासारखा हसत सुटला, डोळ्यांतून पाणी गळेपर्यंत.

दुपारी त्यानं नव्या मशिनीला पहिलं कुंकू लावलं. चिमूट इतकी मोठी घेतली, की निम्मं त्याच्याच शर्टावर सांडलं. शकुबाईनं तो शर्ट तीनदा धुवायला मागितला. त्यानं अजून दिलेला नाही.