डोळे मिटून उभी राहिलेली राणीची सखी

गेल्या आठवड्यापर्यंत माझ्या आईचा डोळे उघडे असलेला एकही फोटो आमच्या घरात नव्हता.

भिंतीवरच्या फोटोतही डोळे मिटलेलेच. लखनौमधल्या विकास नगरच्या घरी येणारा नवा माणूस दबक्या आवाजात विचारायचा, "अंकल, ये फोटो... बाद में लिया था क्या?"

नाही हो. चांगली धडधाकट होती. माझ्या लग्नातला फोटो आहे तो.

आज आईचा स्मृतिदिन. सकाळपासून लिहू की नको, लिहू की नको चाललंय. मी आठवीपर्यंत शिकलेला माणूस. काही चुकलं तर लोक हसतील ही धास्ती. तरी लिहितोच.

माझी आई यमुनाबाई लग्नाआधी मूकपटात काम करायची. कोल्हापूरला.

नायिका नव्हती. राणीच्या मागे चवरी ढाळणारी सखी. पडद्यावर नाव कधी आलं नाही.

वडिलांना रेल्वेत नोकरी लागली आणि ती लखनौला आली. इथे कोणाला खरं वाटेना. शेजारच्या मिश्राईन चाची चिडवायच्या, "अच्छा यमुना, फिल्म में थीं तो कोई डायलॉग सुनाओ!"

आई म्हणायची, "आमच्या वेळी डायलॉग नव्हते. बघायचं तर बघा."

आणि एक भुवई अशी वर करायची की चाची पदर तोंडाला लावून हसत सुटायच्या. पण विश्वास? तो नाहीच.

आता डोळ्यांचं सांगतो.

तेव्हा शूटिंग भर उन्हात. चंदेरी कागद चिकटवलेल्या फळ्या धरून ऊन चेहऱ्यावर पाडायचे. डोळ्यांतून पाणी यायचं, तोंडाला फासलेला पांढरा रंग ओघळायचा. म्हणून डायरेक्टरने शिकवलं होतं, "रेडी" म्हटलं की डोळे मिटायचे. "चालू!" असं ओरडलं की उघडायचे.

ती सवय जन्मभर राहिली.

चौकातला फोटोवाला म्हणायचा, "रेडी!" आई डोळे मिटायची. पुढचं "चालू" तो कधीच म्हणायचा नाही.

"माताजी, आँखें तो खोलिए!"

"अरे मग ओरड ना बाबा!"

मराठीत. त्याला काय कळणार!

गेल्या आठवड्यात माझी नात शलाकाने मोबाइल पुढे धरला. "दादू, ये देखिए, कोल्हापूर की साइलेंट फिल्म."

कुठल्याशा मूकपटाचा वाचलेला छोटा तुकडा. राणी झालेल्या नटीचं नाव दिलेलं. खाली लिहिलंय, बाकी कलाकार अज्ञात.

राणीच्या मागे चवरी घेतलेली एक मुलगी. चेहरा पांढराफटक. काही ओळखू येईना.

"थांब. पहिल्यापासून लाव."

कॅमेरा फिरायला लागलाय, पण सीन अजून सुरू झालेला नाही. राणी पदर सारखा करतेय.

आणि मागची मुलगी डोळे मिटून उभी.

मग डोळे उघडते.

"ही आई आहे! हे सगळ्यांना दाखवायचं," मी म्हणालो.

मुलगा संजय म्हणाला, "पापा, रहने दीजिए. कोई भी हो सकती है. पोस्ट करेंगे तो लोग बहस करेंगे."

मला तीच तर भीती. जिवंतपणी तिला कोणी खरं मानलं नाही. आता ती गेल्यावर पुन्हा तेच नको.

शलाका अल्बम घेऊन आली. माझं लग्न. संजयचं बारसं. सगळीकडे आई हनुवटी जराशी वर करून, डोळे मिटून उभी. शलाकाने मोबाइल शेजारी ठेवला आणि तो तुकडा पहिल्या क्षणावरच थांबवला.

तीच हनुवटी. त्याच पापण्या.

संजयने तो तुकडा स्वतः पुन्हा लावून बघितला. मग म्हणाला, "डाल दीजिए पापा. बहस हम कर लेंगे."

म्हणून टाकतोय. व्हिडिओ खाली आहे. मिश्राईन चाची आता नाहीत, पण त्यांच्या मुलांनी जरूर बघावा.

ती अज्ञात नाही. ती यमुनाबाई. माझी आई.

भिंतीवरचा फोटो आज बदलला. शलाकाने त्या व्हिडिओतूनच काढून दिला. डोळे केवढे मोठे होते हो तिचे! सरळ समोर बघणारे.

फोटोपुढे मेणबत्ती लावली आहे.

आई, तुझ्या लेकाचा नमस्कार घे.

इतकी वर्षं तुला ओरडून सांगायला कोणी नव्हतं. आज मी सांगतो.

चालू!