गप्प विहीर

लहानपणीच्या तापात रोहिणी कोळेकरचे कान गेले, तरी तिनं अभ्यासाला नादजीवच निवडले. ज्यांचं सगळं अंग आवाजाचंच असतं, असे हे जीव इंदापूरकडच्या जुन्या विहिरींत राहतात. बारामतीला अभ्यास-पथकाच्या मुलाखतीत एकानं विचारलं, ‘‘ऐकू येत नाही, मग अभ्यास कसा करणार?’’

‘‘तळहातानं,’’ ती म्हणाली.

यंदा अंथुर्ण्याच्या विहिरीतला नादजीव अचानक गप्प झाला. पथकाचे प्रमुख रणजितसर तिला ओठ दिसावेत म्हणून समोर येऊन म्हणाले, ‘‘मेला तो. यंत्रात काहीच येत नाही. सामान आवरा.’’

रोहिणीचे हात विहिरीच्या दगडावर होते, तळव्यांना बारीक थरथर लागत होती. चिडली की तिच्या तोंडी घरची बोली यायची. ‘‘न्हाय! जिता हाय त्यो. यंत्र न्या तुमी, मी हितंच बसते.’’

‘‘मग तुमच्या जबाबदारीवर बसा.’’

‘‘बसते की!’’

जीप निघून गेली. ती पायरीवर बसून राहिली. उन्हं कलली तेव्हा दगडातली बारीक थरथर वाढली आणि त्याच दगडात दुसरी, इवलीशी थरथर उमटली. नादजीव व्याला होता!

रोहिणी एकटीच मोठ्यानं हसली. मग सरांना न विचारता तिनं पिल्लाची नोंद स्वतःच्या नावावर करून टाकली.