बायस्कोपवाला केरू

मखमलाबादच्या मळ्यात झेंडू तोडताना कुणी "बायस्कोपवाल्याची नात" म्हटलं, की चतुराबाई हातातली पाटी तिथंच आदळायची. ऐंशीची म्हातारी, पण जीभ अशी की समोरच्याने आपली वाट धरावी. आजा केरू तिचा जीव की प्राण, आणि गावाने त्याला जन्मभर थापाड्या ठरवलेलं.

केरू माळी पहिल्या महायुद्धात खेचरं हाकायला फौजेत गेला आणि फिरत फिरत विलायतेला पोचला. लढाई संपल्यावर मुके सिनेमे काढणाऱ्या एका साहेबाने त्याला हेरलं. मग काय, कधी राजाचा भालदार, कधी अरब, कधी समुद्री चाचा. हनुवटीला खोटी दाढी, आणि पडद्यावर नाव म्हणाल तर कुठंच नाही. शेवटच्या सिनेमात राजवाड्यात फुलांचा सडा घातलेला, त्यावरून भालदारांनी धावायचं होतं. माळ्याचं पोर ते, फुलावर पाय देईल होय? दरवेळी थबकायचा. साहेब चिडला, फिल्म फार वाया गेली म्हणून होतं तेच चित्र ठेवलं आणि केरूला मात्र काढून टाकलं.

केरू हे सांगायचा, पारावरची मंडळी पोट धरून हसायची. "फुलासाठी विलायत सोडली म्हणे," गावातल्या पुंजारामचा बाप म्हणायचा. "उचलली जीभ लावली टाळ्याला."

यंदा चतुराबाईच्या नातीने, हर्षालीने, लंडनला नोकरी करता करता तिथल्या जुन्या सिनेमांच्या संग्रहातून एक तुकडा मिळवला. त्यात भालदार होते, पण केरू कोणता ते तिला कळेना, कारण घरात त्याचा एक फोटोसुद्धा नव्हता, आणि गाव हसतं म्हणून फुलांची ती गोष्ट पोरांना कुणी सांगितलीच नव्हती.

"गावासमोर लावायचा," चतुराबाई म्हणाली.

"आजी, आधी तू एकटी बघ. तो नसला त्यात तर?"

"नसला तर मी बी गावाबरोबर हसेन."

म्हणाली खरी. पण चित्र लावायच्या दिवशी सकाळी तिने झेंडूचा घसघशीत हार ओवला आणि पिशवीत तळाशी दडवून ठेवला.

मारुतीच्या सभामंडपात पडदा बांधला. पुंजाराम, आता तोही म्हातारा, काठीवर हनुवटी टेकून पुढेच बसला. चित्र सुरू झालं. दहा-बारा भालदार धावत आले, सगळ्यांच्या दाढ्या सारख्याच. चतुराबाईला एकही चेहरा ओळखू येईना. मागं कुणीतरी खुसखुसलं.

मग फुलं आली. सगळे तुडवत पुढं गेले. एकच गडी थबकला. त्याने भाला काखेत मारला, वाकून दोन्ही हातांनी फुलं बाजूला सारली, बोटं कपाळाला लावली, आणि मग धावला.

चतुराबाई उठून उभी राहिली. डोळ्यांना धार लागलेली, पण मान ताठ.

"माझा आजा," ती म्हणाली.

पुंजारामने ते पुन्हा लावायला सांगितलं, आणि पुन्हा एकदा. मग त्याने डोक्यावरची टोपी काढली.

"चतुरा, आमचा बाप लय हसला गं याला. हार-बिर काही आणलाय का?"

तिने पिशवीतून हार काढला.

"इकडं दे," पुंजाराम म्हणाला. "पडद्याला मी घालतो."