फळ्यावरची म्हैस

माझं पहिलं पुस्तक छापून आलं, त्या दिवशी मी घरी आलेल्या त्याच्या सगळ्या प्रती पलंगाखाली सारल्या आणि वरून चादर ओढली. मुलांसाठीचं चित्रांचं पातळसं पुस्तक. गोष्ट माझी, चित्रंही माझीच. गोष्टीतला कावळा लाल टोपी घालून शाळेत जातो. छापताना लाल रंगाचा ठसा जरासा सरकला आणि टोपी डोक्यावर बसायच्या ऐवजी कावळ्याच्या शेजारी हवेत लोंबत राहिली. पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत. शाहूपुरीतल्या छापखान्याचे मालक म्हणजे आमच्या यांचे मित्र. मी रडवेली होऊन त्यांना टोपी दाखवली, तर ते म्हणाले, "वहिनी, पोरं कावळा बघतात. टोपी मोठी माणसं बघतात."

त्यांचंच खरं झालं. पुस्तक खपलं. पण कुणी माझ्यासमोर त्याचं नाव काढलं की मला ती टोपी आठवायची आणि मी चहा ठेवायच्या निमित्तानं आत जायची.

चित्रकला मी कुठं शिकले नव्हते. माझे वडील कोल्हापुरातच शाळेत शिक्षक होते, आणि मुलीनं पेटी शिकावी, भरतकाम शिकावं, इथवर त्यांची मजल होती. लग्नानंतर आम्ही कसबा बावड्यात दोन खोल्यांत राहायला आलो. हे सरकारी कचेरीत नोकरीला. मुलगी जेवायला फार छळायची. एकेका घासासाठी मी तिला जुन्या कॅलेंडरच्या पाठीमागं काहीतरी काढून दाखवायची. घूस, तिची आई, घुशीची शाळा. ते कागद एकदा चहाला आलेल्या छापखान्याच्या मालकांच्या हाती लागले. ते गुळाच्या रव्यांवरची, म्हणजे ढेपांवरची लेबलं आणि लग्नपत्रिका छापायचे. मुलांची पुस्तकं काढून बघावीत असं त्यांच्या मनात कधीपासूनच होतं. अशी मी लेखिका झाले आणि चित्रकारही.

आमच्या गावात चित्रकारांची वाण नव्हती. थिएटरवरचा नवा बोर्ड रंगवायला घेतला की खाली पोरांचा घोळका जमायचा. शिडीवरचा माणूस बादलीत ब्रश बुडवायचा आणि हातभर लांबीचा डोळा दोन फटक्यांत काढायचा. खालून पोरं शिट्ट्या मारायची. मीही कितीदा भाजीची पिशवी घेऊन तिथं उभी राहिलेय. चित्र काढणं म्हणजे ते, असं मला वाटायचं. मी जे करत होते ते काही वेगळंच होतं. दुपारी घरात कुणी नसताना मी दाराला कडी घालून बसायची. एक ससा काढायला मला सबंध दुपार पुरायची नाही. काढायचा, खोडायचा, कागद खिडकीच्या काचेवर धरून त्यावर दुसरा कागद ठेवून पुन्हा गिरवायचा. खोडरबराचा भुगा चटईवर इतका पडायचा की केरसुणी जवळच ठेवावी लागायची. कडी वाजली की मी आधी कागद झाकायची आणि मग दार उघडायची. आपण खोटं नाणं आहोत आणि कधीतरी कुणीतरी ते वाजवून बघणार, ही धास्ती मनात कायम असायची.

तरी पुस्तकं होत गेली. शाळा ती घेऊ लागल्या. आणि त्यातली काही नेसरीजवळच्या एका वाडीत पोचली, ती माझ्या नणंदेमुळं.

वन्सं यांच्यापेक्षा बऱ्याच मोठ्या. आई लवकर गेल्यामुळं यांना त्यांनीच वाढवलेलं. त्या वाडीत त्यांचं शेत होतं, गोठ्यात म्हशी होत्या, आणि आवाज असा की बांधावरून हाक मारली तर पलीकडच्या शिवारातला माणूस वळून बघायचा. गाव त्यांना अक्का म्हणायचं. स्वतः त्यांना लिहिता-वाचता येत नव्हतं. पण माझं प्रत्येक पुस्तक त्या पदराखालून शाळेत घेऊन जायच्या आणि गुरुजींच्या टेबलावर ठेवून सांगायच्या, "आमच्या भावाची बायकू काढतीया. हातानं."

त्यांच्याच बोलण्यावरून शाळेनं मला स्नेहसंमेलनाला बोलावलं. मी नको म्हणत होते. पण वन्संनी निरोप धाडला, "मी समद्या गावाला सांगून ठेवलोय. न्हाय म्हणायचं न्हाय." मग मी लग्नातली जांभळी इरकल नेसले आणि हे, मी आणि मुलगी एसटीनं निघालो.

शाळेसमोर मांडव घातला होता. पुढं मुलं, एका बाजूला बाप्ये, एका बाजूला बायका. बायकांच्या पहिल्या रांगेत वन्सं, नवं लुगडं नेसून, नाकात नथ घालून. माझी ओटी भरली, नारळ दिला. मी दोन शब्द पाठ करून आणले होते, ते बोलले. एवढं झालं की सुटले, असं मनात म्हणत होते, तोवर गुरुजी उठले. माणूस सज्जन, त्यांच्या मनात वाईट काही नव्हतं. म्हणाले, "आता बाई आपल्यासमोर एक चित्र काढून दाखवतील." दोन पोरांनी फळा उचलून पुढं आणला. माझ्या हातात खडू आला.

"काय काढू?" मी विचारलं.

"म्हस!" एक पोरगं ओरडलं. मग सगळीच ओरडायला लागली, "म्हस काढा, म्हस!"

त्या गावात म्हैस नाही असं घर नव्हतं. मी पाठीच्या रेघेपासून सुरुवात केली. रेघ चुकली. सवयीनं माझा हात डस्टरकडं गेला, तर गुरुजींनी डस्टर अदबीनं उचलून घेतलं. "अहो बाई, राहू द्या की, पुसू नका. छानच आहे." मग मी तीच रेघ धरून पुढं गेले. पोट खाली आलं, पाय आखूड झाले. डोकं काढायला जागा उरली नाही, म्हणून ते मी फळ्याच्या कडेला दाबून बसवलं. मग मागून कुणीतरी म्हणालं, "आरं, हे डुक्कर हाय की!"

हसू पुढच्या रांगेपासून मागं गेलं आणि मागून पुन्हा पुढं आलं. पोरं हसली, बाप्ये हसले, बायकांनी तोंडाला पदर लावला. मी घाईघाईनं शिंगं मोठी केली. "आता शिंगाचं डुक्कर झालं!" दुसरा ओरडला. गुरुजीसुद्धा तोंडासमोर रुमाल धरून खोकल्यासारखं करत होते. माझ्या मुलीनं यांच्या मांडीत तोंड लपवलं होतं. मी वन्संकडं बघितलं. त्या हसत नव्हत्या. खाली मान घालून त्या नव्या लुगड्याचा काठ बोटांनी सरळ करत होत्या.

रात्री जेवताना त्यांनी मला आग्रहानं वाढलं. सगळ्यांची जेवणं झाल्यावर, भांडी गोळा करताना, एवढंच म्हणाल्या, "येत न्हाय तर आधी सांगायचं की गं."

येत नाही हे मला तरी कुठं कुणाला सांगता येत होतं? दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीनं आम्ही परत आलो. गाडीत हे म्हणाले, "खेड्यातली माणसं आहेत. हसतात आणि विसरतात. तू कशाला एवढं मनाला लावून घेतेस?" मुलगी मात्र माझ्याकडं न बघता बाहेर बघत होती. तिच्या नजरेत मी आजवर जगातली सगळी जनावरं काढू शकणारी बाई होते.

त्यानंतर मी काढणं सोडलं. छापखान्याच्या मालकांना सांगितलं, घरचं काम वाढलंय, जमत नाही. ते अधूनमधून यायचे, चहा प्यायचे, "वहिनी, पोरं विचारतात हो," म्हणायचे, आणि जायचे. थिएटरचा रस्ता मी टाळू लागले. मुलीच्या शाळेच्या वहीत बेडूक काढायचा असला तर तिला वडिलांकडं पाठवायची. आणि वाडीला जायचं निघालं की मला काहीतरी व्हायचं. कधी कणकण, कधी मुलीची परीक्षा. जत्रेला हे एकटेच जाऊन यायचे. वन्संनी कधी कारण विचारलं नाही, पण दर खेपेला तुपाची बरणी मात्र पाठवायच्या. ती बरणी फडताळात ठेवतानाही मला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं.

बरीच वर्षं अशीच गेली. मुलगी कॉलेजात गेली. दुपारी घर पुन्हा रिकामं राहायला लागलं आणि एका दुपारी, का ते मला सांगता येणार नाही, मी कडी घातली आणि पेन्सिल काढली. कुणाला बोलले नाही. आणि नेमक्या त्याच सुमाराला वन्संच्या डोळ्याचं ऑपरेशन ठरलं. मोतीबिंदू होता. दवाखान्यातून सुटल्यावर पुढं त्या आमच्याकडंच राहिल्या, डोळ्यावर हिरवी पट्टी बांधून.

आता कडी घालायची सोय उरली नाही. दोन-तीन दिवस मी कळ काढली. मग वाटलं, एका डोळ्याला पट्टी, दुसरा अधू. त्यांना काय दिसणार आहे? त्या पलंगावर पडल्या की मी खिडकीशी पाट घेऊन बसायला लागले. एका म्हातारीची आणि तिच्या छत्रीची गोष्ट डोक्यात होती. म्हातारी काही केल्या वाकत नव्हती. वाकली की पडेल असं वाटायचं. मी काढत होते आणि खोडत होते.

"काय पुसतीस गं एवढं?"

मी दचकून कागद पालथा केला. "तुम्हाला दिसतंय?"

"एक डोळा उघडाच हाय की माझा. दोन दिस झालं बघतोय तुला." आमच्याकडच्या जुन्या बायका बोलतात तशा त्याही स्वतःबद्दल बाप्यासारखं बोलायच्या. त्या उठून बसल्या. "दाव बघू."

कागद आता लपवता येण्याजोगा नव्हता. मी दाखवला. त्यांनी तो नाकाजवळ धरला, उजेडाकडं धरला, बोटानं खडबडीत झालेली जागा चाचपली.

"दर येळेला असंच करतीस? समद्याच पुस्तकांत?"

"हो."

"एका दमात न्हाय येत?"

"कधीच नाही आलं, वन्सं."

त्यांनी कागद मांडीवर ठेवला. मग म्हणाल्या, "मग त्या दिशी तुला पुसायलाच दिलं न्हाय की गं त्या मास्तरानं."

मला एकदम हुंदका आला. त्यांनी मला रडू दिलं. पाठीवर हात वगैरे फिरवला नाही, तो त्यांचा स्वभाव नव्हता. माझं आवरल्यावर त्या सहज सांगायला लागल्या, जणू पीकपाण्याचं सांगत होत्या. संमेलनानंतर त्या वर्षी कुणाच्या हळदीकुंकवाला गेल्या नव्हत्या. पाण्याला गेल्या की बायका विचारायच्या, "अक्का, तुमच्या वयनीची म्हस दूध किती देती?" डेअरीत दूध घालायला गेल्या तर तिथला माणूस म्हणायचा, "हे दूध कुठल्या म्हशीचं, फळ्यावरच्या?"

"मग तुम्ही काय म्हणायच्या?"

"काय म्हणणार? तुमच्या म्हशीपरास जास्त देती म्हणायचो आणि घागर उचलायचो."

इतकी वर्षं मी माझीच फजिती कुरवाळत बसले होते. मी सकाळच्या गाडीत बसून निघून आले होते. त्यांना तिथंच राहायचं होतं, त्याच पाणवठ्यावर, त्याच माणसांत, आणि त्यांना अक्षरओळख नसताना त्यांनी ज्याचा डांगोरा पिटला होता त्याची थट्टा रोज ऐकायची होती. आणि वर मीच त्यांच्याकडं जायचं टाळत होते, त्यांनी दोष दिला होता म्हणून. फळ्यासमोर मला लाज वाटली होती ती ह्या लाजेपुढं काहीच नव्हती. ती निदान लोकांनी दिलेली होती.

"माझं चुकलं," मी म्हणाले.

"तुझं काय चुकलं? मी न इचारता बोलून बसलो." त्यांनी पट्टी जरा सारखी केली. "आता मे महिन्यात ये. आमच्या सोप्यात बस. रबर घेऊन बस. ज्याला बघायचं त्यो बघंल."

मी मे महिन्यात गेले. नाही म्हणायची हिंमत झाली नाही म्हणून गेले, हेच खरं. वन्संनी सोप्यात, म्हणजे पुढच्या ओसरीत, पोतं अंथरलं, टेकायला पाट दिला. मी अंगणातली कोंबडी काढायला घेतली. पोरं आली, त्यांच्यामागं दोन-तीन बायका आल्या. एकीनं दुसरीला कोपरानं ढोसलं, ते मी बघितलं. रेघ चुकली, मी ती खोडली, पुन्हा काढली, पुन्हा खोडली. "एवढा येळ?" म्हणून निम्मी पोरं थोड्या वेळानं विटीदांडू खेळायला निघून गेली. बायकाही कंटाळून उठल्या. लाज त्या दुपारी गेली असं मी म्हणणार नाही. ती शेजारी बसून होती आणि मी काढत होते, इतकंच.

संध्याकाळी गुरुजी रस्त्यानं चालले होते. आता ते निवृत्त झाले होते, हातात काठी आली होती. मला बघून ते थबकले. वन्सं उंबऱ्यात शेंगा फोडत बसल्या होत्या. त्याच म्हणाल्या, "काढतीया. येळ लागतो तिला. बसायचं तर बसा, न्हाईतर जावा."

गुरुजी चपला काढून पायरीवर टेकले. त्यांनी एक शेंग उचलली आणि सोलून हातातच धरून ठेवली. कोंबडी केव्हाच खुराड्यात गेली होती. माझे अजून तिचे पाय व्हायचे होते.