फुकटच्या ई-मेलचा फॉर्म

फुकट ई-मेल देणाऱ्या एका बड्या कंपनीने मला फसवलं. आमच्या द्वारका भागातल्या सायबर कॅफेत मी तिच्या फॉर्मवर जन्मतारीख, धंदा, आवडीनिवडी सगळं खरं भरत होतो. शेजारी झेंडू पिकवणारे एक म्हातारबाबा बसले होते. कॅफेवाला त्यांना प्रश्न वाचून दाखवी आणि बाबा मिशीवर बोट फिरवत नुसती नकारार्थी मान हलवत. शेवटी कॅफेवाल्याला म्हणाले, "एवढी चौकशी आमच्यात पोरगी देताना करतात. तुझी कंपनी पोरगी देती का?" आणि हसत निघून गेले.

माझ्या टायरच्या दुकानात मी पाच रुपयांसाठी भांडतो, पण त्या फॉर्मवर घासाघीस न करता सगळं देऊन बसलो. बाबा आठवले की अजून हसू येतं. मात्र पन्नाशी भरली त्याच दिवसापासून मला गुडघ्याच्या तेलाच्या मेल येतात. माझं वय त्या तेलवाल्याला कुणी विकलं, याचा जाब कंपनीने मला द्यावा.